जाकार्ताहून परतताना

१९५४ च्या वसंतात जाकार्ताहून टोकियोकडे निघालेल्या विमानात तोहो कंपनीचे एक निर्माते खिडकीशी बसले होते. नाव तोमोयुकी तानाका, वय चव्वेचाळिशीच्या उंबरठ्यावर. गेले होते एक मोठा रंगीत सिनेमा पक्का करायला आणि परत निघाले होते हात हलवत. इंडोनेशियाबरोबर मिळून काढायच्या त्या सिनेमाचं नाव ठरलं होतं, 'एइको नो कागे नि', म्हणजे 'कीर्तीच्या छायेत'. महायुद्ध संपल्यावर इंडोनेशियाच्या स्वातंत्र्यलढ्यात उतरलेल्या एका जपानी सैनिकाची ती गोष्ट. दिग्दर्शक सेनकिची तानिगुची, नायक ऱ्यो इकेबे, नायिका योशिको यामागुची, असं सगळं जुळून आलं होतं. पण जपानी सैन्याने इंडोनेशियात केलेल्या अत्याचारांच्या जखमा अजून ओल्या होत्या आणि युद्धाच्या नुकसानभरपाईची बोलणी अडून बसली होती. तिथल्या सरकारने जपानी मंडळींना व्हिसा नाकारला.

कलाकार ठरलेले, शरद ऋतूतल्या प्रदर्शनाची जागा राखून ठेवलेली आणि सिनेमाच नाही. निर्मात्यावर याहून वाईट वेळ क्वचित येते. तानाका पुढे सांगत, की त्या प्रवासात खाली पसरलेल्या समुद्राकडे बघता बघता मनात आलं, या पाण्याच्या तळाशी एखादा प्रचंड प्राणी झोपलेला असेल तर? आणि बॉम्बच्या चाचणीने तो जागा झाला तर?

सांगून सांगून आठवण गुळगुळीत होते, तशी हीही झाली असेल. पण त्या दिवसांत जपानमध्ये कोणाच्याही मनात समुद्र आणि बॉम्ब एकत्र येणं साहजिक होतं. १ मार्चला अमेरिकेने बिकिनी बेटांपाशी हायड्रोजन बॉम्बची चाचणी केली. ट्यूना मासे पकडायला गेलेली 'दाइगो फुकुऱ्यू मारू' ही जपानी बोट धोक्याच्या ठरवलेल्या हद्दीबाहेर होती, तरी तिच्यावर पांढरी राख बरसली. १४ मार्चला बोट याइझू बंदरात परतली तेव्हा तिच्यावरचे २३ च्या २३ खलाशी आजारी होते. मग मासळी बाजारात ट्यूनावर किरणोत्सार मोजायची यंत्रं फिरू लागली, टनावारी मासळी फेकून दिली गेली आणि रोजच्या जेवणात मासा असलेल्या देशाच्या पोटात गोळा आला. टोकियोतल्या सुगिनामी भागातल्या गृहिणींनी अणुचाचण्यांविरुद्ध सह्या गोळा करायला घेतल्या. त्या मोहिमेच्या सह्या पुढे तीन कोटींवर गेल्या.

त्या विमानातून तानाका जे घेऊन उतरले त्याला जपानी भाषेत 'गोजिरा' म्हणतात आणि बाकी जग गॉडझिला म्हणून ओळखतं. या प्राण्यावर पुस्तकंच्या पुस्तकं लिहिली गेली. त्याचे दिग्दर्शक, त्याची करामत घडवणारे तंत्रज्ञ, त्याच्या रबरी कातड्यात शिरणारा नट, या सगळ्यांचं भरपूर कौतुक झालं आणि ते व्हायलाच हवं होतं. त्या सगळ्यांना एका छताखाली आणणारा माणूस मात्र श्रेयनामावलीतल्या एका ओळीपुरताच राहिला.

तानाकांचा जन्म २६ एप्रिल १९१० चा, ओसाकाजवळच्या काशिवाराचा. कान्साई विद्यापीठातून शिक्षण संपवून ते १९४० मध्ये ताइहो या छोट्या चित्रपट कंपनीत लागले. वर्षभरात ती कंपनी तोहोत विलीन झाली. हा त्यांच्या नशिबाचा भाग, कारण जपानमध्ये निर्मात्याला खरी किंमत तोहोतच होती. शोचिकू या जुन्या कंपनीत सगळा कारभार दिग्दर्शकाभोवती फिरे. तोहोत मात्र इवाओ मोरी या कर्त्या माणसाने हॉलिवूडची घडी पाहून निर्मात्याला मध्यभागी बसवलं होतं. विषय शोधायचा, लेखक गाठायचा, दिग्दर्शक नेमायचा, पैशांचा मेळ घालायचा आणि सिनेमा तारखेला चित्रपटगृहात पोचवायचा, हे सारं त्याच्या गळ्यात. तानाकांना हे काम मानवलं.

युद्ध संपलं आणि त्यांच्या हातून १९४७ मध्ये 'गिनरेई नो हाते' हा सिनेमा आला. बँकेवर दरोडा घालून बर्फाळ डोंगरात पळालेल्या तिघांची गोष्ट. पटकथा अकिरा कुरोसावांची आणि दिग्दर्शन तानिगुचींचं, दिग्दर्शक म्हणून त्यांचा हा पहिला पूर्ण लांबीचा कथापट. तिघा दरोडेखोरांपैकी एक होता सत्तावीस वर्षांचा, याआधी कधीच पडद्यावर न आलेला तोशिरो मिफुने. संगीतही एका नवख्या माणसाचं, अकिरा इफुकुबे यांचं. या इफुकुबेंनी बर्फावरून घसरत खेळण्याच्या आनंदी प्रसंगाला उदास सूर लावला आणि तानिगुचींशी त्यांची कडाक्याची वादावादी झाली. शेवटी कुरोसावांनी मध्यस्थी केली आणि उदास सूरच राहिला. मिफुने आणि इफुकुबे, दोघांचाही हा पहिलाच सिनेमा. पुढची दोन दशकं ज्यांच्या जोरावर तोहोने जगात नाव काढलं, त्यांतली किती माणसं या एका सिनेमात आली होती!

लगेच सगळं विस्कटलंही. तोहोच्या किनुता स्टुडिओत कामगारांचा संप पेटला. १९४८ मधला तिसरा संप १९५ दिवस चालला आणि १९ ऑगस्टला स्टुडिओ रिकामा करायला दोन हजारांच्या आसपास पोलीस आले. त्यांच्या पाठीशी अमेरिकी सैन्याचे रणगाडे होते, वर विमानं घिरट्या घालत होती. आल्या नाहीत त्या फक्त युद्धनौका, असं तेव्हा लोक म्हणत. या धामधुमीत तानाका तोहोतून बाहेर पडले. १९५२ मध्ये ते परत आले तेव्हा कंपनी स्वतःला सावरत होती. दोन वर्षांनी इंडोनेशियाचा घाव बसला.

विमानातून उतरल्यावर तानाकांनी मोरींपुढे ठेवलेल्या प्रस्तावाचं नाव लांबलचक होतं, 'समुद्राखाली वीस हजार मैलांवरून आलेला महाराक्षस'. आदल्याच वर्षी अमेरिकेत 'द बीस्ट फ्रॉम २०,००० फॅदम्स' हा सिनेमा चालला होता. उसनवारी उघड होती आणि ती लपवायचं कारणही नाही. तोहोची त्या वर्षीची अवस्था बघता मोरींनी नकार दिला असता तरी कोणी त्यांना दोष दिला नसता. कुरोसावांच्या 'सेव्हन समुराई'ने वेळ आणि पैसा दोन्हींची मर्यादा केव्हाच ओलांडली होती. मोरींनी एकच प्रश्न लावून धरला, हे पडद्यावर दिसेल का? त्याचं उत्तर एइजी त्सुबुराया देणार होते. युद्धकाळात नौदलाच्या प्रचारपटांसाठी छोट्या प्रतिकृतींतून लढाया उभ्या करणारा हा कसबी माणूस. हिंदी महासागरात बोटींवर हल्ला करणाऱ्या महाकाय ऑक्टोपसची कल्पना त्यांनी स्वतःच पूर्वी तोहोला सुचवली होती. त्यांनी होकार दिला आणि 'जी-प्रकल्प' या गुप्त नावाने काम सुरू झालं.

नावाबद्दल वेगवेगळ्या कथा आहेत. 'गोरिरा' म्हणजे गोरिला आणि 'कुजिरा' म्हणजे देवमासा, यांच्या जोडणीतून 'गोजिरा' झालं, एवढं सगळ्यांना मान्य आहे. तोहोतल्या एका आडदांड कर्मचाऱ्याचं ते टोपणनाव होतं, ही त्या कथांतली सर्वांत लोकप्रिय.

इथून पुढचे सहा महिने तानाकांनी काय केलं, ते पाहिलं की निर्मात्याची कला म्हणजे काय ते समजतं. कथेसाठी त्यांनी शिगेरू कायामा या अद्भुतकथा लिहिणाऱ्या लेखकाला गाठलं. दिग्दर्शनासाठी त्यांच्या मनात होते आपले नेहमीचे तानिगुची, पण ते मिशिमांच्या कादंबरीवरच्या 'शिओसाई'त गुंतले होते आणि तो सिनेमाही तानाकांचाच. मग इशिरो होंडा आले. होंडा युद्धात वर्षानुवर्षं चीनमध्ये होते आणि घरी परतताना त्यांनी हिरोशिमाचा ढिगारा डोळ्यांनी पाहिला होता. राक्षसाची गोष्ट थट्टेवारी नेणं त्यांना जमलंच नसतं. होंडा आणि ताकेओ मुराता यांनी टोकियोतल्या शिबुया भागातल्या एका खाणावळवजा सरायीत तीन आठवडे मुक्काम ठोकून पटकथा लिहिली.

संगीतासाठी तानाकांना 'गिनरेई नो हाते'चे तेच हट्टी इफुकुबे हवे होते. राक्षसाच्या सिनेमात पडू नकोस, नाव खराब होईल, असा सल्ला इफुकुबेंना मिळाला. त्यांनी तो ऐकला नाही. लाकडावर संशोधन करताना त्यांच्या स्वतःच्या शरीराला किरणोत्साराची बाधा झाली होती आणि अंधारात चमकणाऱ्या रंगांवर काम करणारा त्यांचा मोठा भाऊ त्याच कारणाने दगावला होता. गोजिराची डरकाळी त्यांच्या पद्धतीने तयार झाली. डबल बेस या भल्यामोठ्या तंतुवाद्याची तार सैल केली, कातडी हातमोज्याला राळ फासली आणि तो तारेवरून ओढला. निघालेला आवाज ध्वनिमुद्रित करून मंद केला. आज ती डरकाळी ऐकताना कोणत्याही खऱ्या जनावराची आठवण येत नाही, तरी अंगावर काटा येतो.

अमेरिकी पद्धतीने पुतळा एकेका चौकटीत हलवून चित्रीकरण करायचं तर सात वर्षं लागतील, असा त्सुबुरायांचा हिशेब होता. हातात होते काही महिने. म्हणून माणसालाच राक्षसाच्या कातड्यात घालायचं ठरलं. हारुओ नाकाजिमा हा 'सेव्हन समुराई'त दरोडेखोर झालेला नट पुढे आला. प्राण्यांची चाल अभ्यासायला तो उएनोच्या प्राणिसंग्रहालयात जाऊन बसे. पहिला पोशाख इतका जड आणि ताठ झाला की आत शिरून चार पावलं टाकणंही मुश्किल होतं. दुसरा त्यातल्या त्यात बरा. दिव्यांच्या झोतात नाकाजिमा आत भाजून निघे आणि पोशाख उतरवला की घाम अक्षरशः ओतून काढावा लागे. त्याच्या पायाखाली मूळ आकाराच्या पंचविसाव्या हिश्शाची टोकियो नगरी उभी होती, गिंझातली दुकानं, निचिगेकी नाट्यगृह, संसदेची इमारत. कॅमेरा नेहमीपेक्षा वेगाने फिरवायचा, म्हणजे पडद्यावर हालचाल संथ दिसते आणि वजन जाणवतं. गिंझातल्या एका दुकानाच्या गच्चीवरून त्सुबुरायांची मंडळी कुठून आग लावायची, कोणती इमारत पाडायची, याची चर्चा करत होती. ती कोणीतरी ऐकली आणि त्यांना हटकलं. युद्धातले बॉम्बहल्ले होऊन नऊच वर्षं झाली होती, तेव्हा ऐकणाऱ्याचं काय चुकलं?

सिनेमा सुरू होतो तो समुद्रात. एक मालवाहू जहाज चमकत्या पाण्यात एकाएकी पेटतं आणि बुडतं. त्या जहाजाचं नाव 'एइको-मारू'. जाकार्तात बुडालेल्या सिनेमाच्या नावातली तीच 'एइको', तीच कीर्ती. हे कोणी ठरवून केलं की आपसूक झालं, ते बाजूला ठेवू. पण तानाकांच्या त्या वर्षाची सगळी हकिकत माहीत असलेल्या माणसाला ते नाव टोचल्याशिवाय राहत नाही.

३ नोव्हेंबर १९५४ ला 'गोजिरा' प्रदर्शित झाला. 'फुकुऱ्यू मारू'चा रेडिओ ऑपरेटर आइकिची कुबोयामा २३ सप्टेंबरला वारला होता, त्याला दीड महिनाही झाला नव्हता. काही समीक्षकांना वाटलं, ताज्या जखमेवर धंदा मांडलाय. लोकांनी रांगा लावल्या. ९६ लाख तिकिटं खपली. दोन वर्षांनी अमेरिकी वितरकांनी त्यात रेमंड बर हा नट घुसवून, अणुबॉम्बचा सल बोथट करून आपली आवृत्ती काढली, आणि गोजिरा जगभर गॉडझिला झाला.

यानंतर तानाकांवर राक्षसांचा निर्माता असा शिक्का बसला. 'रोदान', 'मोथ्रा', आणि १९६२ चा 'किंगकाँग विरुद्ध गॉडझिला', जो पहिल्याच फेरीत एक कोटीहून जास्त लोकांनी पाहिला. पण याच वर्षांतली त्यांची दुसरी यादी शेजारी ठेवून पाहावी. हिरोशी इनागाकींचा 'मुहोमात्सु नो इश्शो', ज्याला १९५८ मध्ये व्हेनिसला सुवर्णसिंह मिळाला, त्याचे निर्माते तानाका. कुरोसावांनी १९५९ मध्ये स्वतःची कंपनी काढली. खर्चाचा धोका त्यांनीही उचलावा हा तोहोचा आग्रह होता. त्यानंतरच्या 'द बॅड स्लीप वेल', 'योजिम्बो', 'सांजुरो', 'हाय अँड लो' आणि 'रेड बियर्ड' या पाचही सिनेमांवर निर्माता म्हणून तानाकांचं नाव आहे. १९६१ च्या एप्रिलमध्ये 'योजिम्बो'त मिफुनेचा भणंग समुराई धुळीने भरलेल्या रस्त्यावर उभा राहिला आणि जुलैमध्ये 'मोथ्रा' नावाचा अजस्र पतंग टोकियोवर उडाला. दोन्हींच्या मागे एकच माणूस.

टीकाकारांनी या दोन याद्या कायम वेगवेगळ्या कप्प्यांत ठेवल्या, एक कलेची आणि एक पोरांच्या करमणुकीची. तानाकांच्या टेबलावर त्या एकत्रच होत्या. ताकाशी शिमुरा हे नट एप्रिल १९५४ मध्ये सात समुराईंचे म्होरके होते आणि नोव्हेंबरमध्ये गोजिराला मारू नका म्हणणारे प्राध्यापक यामाने. स्टुडिओ तोच, छपराखालची माणसं तीच. राक्षसांच्या तिकिटांवर कंपनीची चूल पेटती राहिली, हे 'रेड बियर्ड'च्या दीर्घकाळ रेंगाळलेल्या चित्रीकरणाबद्दल बोलताना सहसा कोणी आठवत नाही.

चूल विझायची वेळही आली. १९५८ मध्ये जपानी माणसांनी सिनेमाची ११२ कोटी तिकिटं काढली होती. १९७२ पर्यंत हा आकडा १९ कोटींच्याही खाली घसरला. घरोघरी टीव्ही आला होता आणि त्या टीव्हीवर दर आठवड्याला फुकट राक्षस दिसत होते, तेही त्सुबुरायांच्याच कंपनीचे. तानाकांनी खर्च कापला, जुन्या सिनेमांतले तुकडे नव्यात जोडले, गोजिराला मुलांचा मित्र करून टाकलं. १९५४ चा सिनेमा ज्यांना प्रिय आहे त्यांना ही वर्षं बघवत नाहीत. तानाकांनाही ती सुखाची गेली नसावीत. २५ जानेवारी १९७० ला त्सुबुराया गेले. त्या वर्षीच्या ओसाका जागतिक प्रदर्शनात मित्सुबिशीचं भविष्यदालन उभारण्याची जबाबदारी तानाकांवर होती आणि त्सुबुरायांचंही शेवटचं बरंचसं काम त्यासाठीच झालं होतं. पुढच्या वर्षी योशिमित्सु बान्नो या नव्या दिग्दर्शकाने प्रदूषणातून जन्मलेल्या चिखलराक्षसाचा सिनेमा काढला, त्यात गोजिरा तोंडातून आग ओकत उलटा उडतो. चित्रीकरणाच्या काळात तानाका रुग्णालयात होते. बरे होऊन त्यांनी तो पाहिला आणि भयंकर संतापले. पुन्हा गोजिराचा सिनेमा बान्नोंच्या हाती गेला नाही. तरी आज तो सिनेमा पाहताना वाटतं, की धुराड्यांच्या जपानबद्दल त्यात खरी चीड होती आणि ती १९५४ च्या वारशाला धरूनच होती. तानाकांचा राग इथे चुकला.

१९७५ च्या 'मेकागोजिरा'च्या सिनेमाला दहा लाखही प्रेक्षक लाभले नाहीत, आणि राक्षस पेटीत गेला.

या पडझडीच्या काळातच तानाकांनी दाखवलं होतं की भीतीची नाडी अजून त्यांच्या बोटाखाली आहे. साक्यो कोमात्सुंची कादंबरी १९७३ मध्ये बाजारात आली, सगळं जपान समुद्रात बुडतं अशी. त्याच वर्षीच्या २९ डिसेंबरला तानाकांचा 'निप्पोन चिंबोत्सु' पडद्यावर होता. पटकथा 'सेव्हन समुराई'वाल्या शिनोबू हाशिमोतोंची. तेलटंचाईने देश धास्तावलेला होता, आणि चित्रपटगृहं ओसंडून वाहिली.

पुढे १९८० मध्ये 'कागेमुशा'. कुरोसावांच्या मनातल्या लढायांचा खर्च एकट्या तोहोला झेपेना. जॉर्ज लुकास आणि फ्रान्सिस कोपोला यांनी ट्वेंटिएथ सेंच्युरी फॉक्सकडून परदेशी हक्कांचे पैसे मिळवून दिले तेव्हा गाडं हललं. चित्रीकरण सुरू होताच नायक शिंतारो कात्सु आणि कुरोसावा यांचं बिनसलं. कात्सुंना आपलं काम व्हिडिओवर टिपायला स्वतःचा माणूस आणायचा होता, कुरोसावांना ते मुळीच मान्य नव्हतं. कात्सु गेले, तात्सुया नाकादाई आले आणि कुरोसावांच्या जोडीने निर्माता असलेल्या तानाकांनी सिनेमा तडीला नेला. कानला त्याने सर्वोच्च पारितोषिक मिळवलं आणि जपानी सिनेमांत त्या वर्षी सर्वाधिक कमाईही त्याचीच.

एवढं झाल्यावर एखादा माणूस थांबला असता. सत्तरी ओलांडलेल्या तानाकांच्या डोक्यात मात्र वर्षानुवर्षं एकच होतं, गोजिराला परत आणायचं आणि त्याला पुन्हा भीतिदायक करायचं. १५ डिसेंबर १९८४ ला तो आला. मधले सगळे सिनेमे बाजूला सारून गोष्ट थेट १९५४ ला जोडली होती आणि मूळ कल्पनेचं श्रेय तानाकांचंच होतं. टोकियोच्या इमारती वाढल्या म्हणून ५० मीटरांचा राक्षस ८० मीटरांचा झाला. तो अणुवीज केंद्रावर चालून येतो आणि तिथली ऊर्जा खातो. अमेरिका आणि सोव्हिएत संघ दोघेही जपानच्या भूमीवर अण्वस्त्र वापरायची परवानगी मागतात. मग बंद खोलीत कितीतरी वेळ नुसती बोलणी चालतात, आणि केइजू कोबायाशींनी रंगवलेले पंतप्रधान नाही म्हणतात. राक्षसाच्या सिनेमात एवढा वेळ एका नकारासाठी द्यायला निर्मात्याची छाती लागते.

त्यानंतरच्या सिनेमांत तानाकांची तब्येत ढासळत गेली आणि रोजचं काम हळूहळू शोगो तोमियामांकडे गेलं. ९ डिसेंबर १९९५ ला 'गोजिरा विरुद्ध देस्तोरोया' प्रदर्शित झाला. गोजिराच्या अंगातली अणुभट्टी ताब्याबाहेर जाते, त्याचं कातडं निखाऱ्यासारखं लाल होतं आणि टोकियोत तो वितळून संपतो. संगीत द्यायला ऐंशी पार केलेले इफुकुबे आले होते. 'गिनरेई नो हाते'ला अठ्ठेचाळीस वर्षं झाली होती आणि या वेळी उदास सुराबद्दल त्यांच्याशी कोणी भांडलं नाही. दोनशेहून अधिक सिनेमांच्या कारकिर्दीतला तानाकांचा हा गोजिराचा शेवटचा सिनेमा.

२ एप्रिल १९९७ ला, वयाच्या ८६ व्या वर्षी तोमोयुकी तानाका गेले. पुढच्या वर्षी हॉलिवूडने काढलेला 'गॉडझिला' आला. त्यातला प्राणी ना चालीने गोजिरासारखा ना रूपाने, पण श्रेयनामावलीत तो सिनेमा तोमोयुकी तानाकांच्या स्मृतीला अर्पण केलेला आहे.